हरकत उशिरा आली

१२ जानेवारी, सोमवार

अ. ची सकाळ चांगली गेली. (अ. म्हणजे अहोसुद्धा आणि अरविंदसुद्धा. लग्नानंतर पहिल्यांदा डायरी घेतली तेव्हापासून हेच अक्षर. मध्ये बरीच वर्षं लिहिणं सुटलं होतं, या नव्या वर्षात परत धरलंय.) वडाळे तलावाला एक फेरी मारली. दुसरी मारायची होती त्यांना, मी मारू दिली नाही. येताना स्वतःहून म्हणाले, "डावीकडे वळायचंय ना, दळण घ्यायचंय." बरोबर होतं! मी इतकी खूश झाले की गिरणीवाल्याला उगाच विचारलं, मुलगी कशी आहे. त्याला मुलगा आहे.

डॉक्टरांनी स्मरणशक्तीची गोळी तीच ठेवली. "सुरुवात आहे काकू. सावकाश चाललंय." मी विचारलं, सुरुवात कधीची असेल? ते म्हणाले, ते कोणीच सांगू शकत नाही.

दुपारी तेजश्रीचा फोन. तेजश्री म्हणजे हिरा घरतची वकील. उद्या येते म्हणाली. "सरांना काही सांगू नका." टेलिफोन एक्स्चेंजमध्ये आयुष्य गेलं माझं. माणूस काय लपवतोय ते 'हॅलो'वरून कळतं.

१३ जानेवारी, मंगळवार

अ. गॅलरीत कुंड्यांपाशी होते, तेवढ्यात आम्ही दोघी स्वयंपाकघरात.

गव्हाणची हिरा घरत. सरकारी प्रकल्पात जमीन गेली त्याच्या बदल्यात उलव्याला प्लॉट मिळाला होता, तो तिने बिल्डरला दिला, बदल्यात नव्या इमारतीत दोन फ्लॅट. इमारत झाली आणि बिल्डर म्हणायला लागला, करारातले नाही, मागच्या विंगमधले घ्या. खाली गटार, वर ओल. भांडण झालं तर कोर्टाऐवजी लवादाकडे न्यायचं करारातच होतं. दोन्ही बाजूंनी सह्या करून अ. ना लवाद नेमलं. रिटायर्ड इंजिनिअर, इमारती कळतात, कुणाचा चहासुद्धा न पिणारा माणूस. चहा माझाच प्यायचे सगळे. आमच्या हॉलमध्येच सुनावण्या झाल्या. अ. नी निवाडा दिला: करारात लिहिलेत तेच फ्लॅट, तिसऱ्या मजल्यावरचे, काम पूर्ण करून, चावीसकट.

त्याला आता चार वर्षं होतील. बिल्डरने निवाड्याविरुद्ध अर्ज केला नाही आणि चावीही दिली नाही. म्हणून हिराने पनवेल कोर्टात दरखास्त लावली, निवाड्याची अंमलबजावणी करून द्या म्हणून. ताबा मिळवून द्यायला कोर्टाचा बेलिफ जाणार असं ठरता ठरता बिल्डरने हरकत घेतली.

तेजश्रीने कागद दिला नाही, वाचून दाखवला. मग मीच मागून घेतला. "निवाडा देतेवेळी लवाद यांची स्मरणशक्ती व आकलनशक्ती क्षीण झालेली असल्याने सदर निवाडा मुळातच शून्यवत आहे."

शून्यवत.

मी गॅस बंद केला. दूध उतू गेलं होतं तरी.

तेजश्री बोलत होती. "काकू, हे कोर्ट ऐकणारच नाही. निवाड्याला आव्हान द्यायला तीन महिने असतात, फार तर वर तीस दिवस. तेव्हा एक शब्द नाही काढला त्यांनी. सगळ्या सुनावण्यांना हजर होते, तेव्हाही नाही. आता चावी द्यायची वेळ आली तेव्हा सुचलं."

मी म्हटलं, त्यांना कळलं कसं? अ. चं आजारपण घरात आणि डॉक्टरांत आहे.

तेजश्रीने माझ्या हातातल्या कागदाचं पान उलटलं. मग म्हणाली, सोबत एक प्रतिज्ञापत्र जोडलंय. सुनीलचं.

१४ जानेवारी, संक्रांत

तिळाच्या वड्या जरा कडक झाल्या.

सुनील दर संक्रांतीला येतो. अ. च्या हाताखाली पहिली नोकरी केलेला मुलगा. (मुलगा कसला, आता पन्नाशीला आला.) त्याचं लग्न ठरत नव्हतं तेव्हा मी मुली बघितल्यात त्याच्यासाठी. त्याचा डबा यायचा नाही तेव्हा दुपारी आमच्याकडे जेवायचा, आमटी वाटीने प्यायचा. पुढे या बिल्डरकडे लागला. सुनावण्यांना बिल्डरकडून तोच यायचा. तेव्हा अ. नी पहिल्याच दिवशी हिराला सांगितलं होतं, "हा माझा जुना ज्युनिअर आहे. तुमची हरकत असेल तर मी लवाद होत नाही, दुसरा माणूस बघा." हिरा म्हणाली होती, "नाय सायेब, तुमी हाय तेच बरा."

संध्याकाळी अ. नी विचारलं, "सुनील नाही आला या वेळी?"

"काम असेल."

"त्याच्या वड्या वेगळ्या ठेव. त्याला खुसखुशीत लागतात."

१८ जानेवारी, रविवार

प्राचीचा फोन, पुण्याहून. सांगितलं तिला. आधी रडली, मग भडकली. "बाबांचे रिपोर्ट कोर्टात मागतील? मी येते. मी बघते त्या सुनीलकाकाकडे." म्हटलं, तू नको येऊस, तू आलीस की बाबांना संशय येतो काहीतरी झालंय म्हणून. मग दोघी हसलो. बाप असाच आहे आमचा. कालचं जेवण आठवत नाही, पण लेक कामाच्या दिवशी आली की कपाळाला आठी.

२२ जानेवारी, गुरुवार

तेजश्री परत. या वेळी जरा अवघडून. "काकू, कायद्यावर आपण जिंकतोच. पण हातात असलेलं बरं. तुम्ही एक प्रतिज्ञापत्र कराल का? त्या काळात सर पूर्ण ठणठणीत होते, एवढंच."

एवढंच.

बघते म्हणाले.

जेवणानंतर बसून सुनावण्यांचे ते दिवस आठवत राहिले. हॉलच्या खिडक्या उघड्या, सगळ्यांच्या तोंडाला मास्क. अ. मध्ये बसायचे, मान थोडी तिरकी करून. बिल्डरचे वकील खूप बोलायचे, हिरा कमी. तिला बोलतं करायचे अ. एकदा ती म्हणाली होती, "मना बोलाय येत नाय." अ. म्हणाले, "मला वेळ आहे." हे सगळं लख्ख आठवतं.

आणि हेही आठवतं, त्याच पावसाळ्यात स्कूटर बाजारात विसरून चालत घरी आले होते. छत्री हातात. मी किती हसले होते! अख्ख्या बिल्डिंगला सांगितलं.

तेव्हा ती गंमत होती.

२५ जानेवारी, रविवार

फुटलं. हिरा आली होती, तांदळाचं पीठ घेऊन. अ. समोरच बसलेले. मी तिला डोळ्याने खुणावतेय, तर ती सरळ त्यांच्या पायाशी. "सायेब, त्या लोकांनी तुमच्या डोक्यावर नाव ठेवला. माझ्या पायी तुमाला ऐकाया लागला."

अ. नी तिला उठवलं, खुर्चीवर बसवलं. माझ्याकडे बघितलं. "कागद दे."

दिला. लपवून काय करणार.

दोनदा वाचला. चष्मा पुसला, परत वाचला. मला वाटलं होतं चिडतील. चिडले असते तर मला सोपं गेलं असतं.

"मुद्दा गंभीर आहे," म्हणाले. मग, "मालती, तुला काय वाटतं?"

मी म्हटलं, चहा टाकते.

हिरा स्वयंपाकघरात मागे आली. "चुकला माझा वैनी." मी म्हटलं नाही गं, बरं झालं. ती आता उलव्यात भाड्याने राहते, एका खोलीत, सून, नातवंडं. तिच्या स्वतःच्या इमारतीच्या समोर. रोज सकाळी दार उघडलं की समोर तिसरा मजला दिसतो. रिकामा. "कबुतरा रातात तिथं," म्हणाली. रागाने नाही, सांगितल्यासारखं.

२८ जानेवारी, बुधवार

अ. नी निवाड्याची प्रत काढायला लावली. तपासायचंय म्हणतात. "दुसऱ्या कुणी लिहिलाय असं समजून बघतो. चूक असेल तर दिसेल."

म्हणून सध्या रोज दुपारी आमचं पारायण. मी वाचते, ते पेन्सिल घेऊन ऐकतात. अडचण एकच. कालची पानं आज राहत नाहीत त्यांच्याकडे. मग पुन्हा पहिल्यापासून.

आज मधेच थांबवून म्हणाले, "छान लिहिलंय. कोणी लिहिलंय?"

"तुम्हीच."

"हं. म्हणजे माझ्यावर विसंबून चालणार नाही. पुढे वाच."

हसू आवरेना मला. तेही हसले, का ते बहुधा न कळता.

५ फेब्रुवारी, गुरुवार

आज बरंच पुढे गेलो. अ. ताजेतवाने होते.

चौदाव्या परिच्छेदात मागच्या विंगच्या ओलीबद्दल लिहिलंय: भिंतीला हात लावून पाहिला, प्लास्टर सुटलेलं, ही जागा करारातल्या जागेच्या बरोबरीची धरता येत नाही. बाविसाव्यात पुन्हा तेच. जवळजवळ त्याच शब्दांत. भिंतीला हात लावून पाहिला.

हरकतीत हेच लिहिलंय बिल्डरने. लवादांना आपण आधी काय लिहिलं याचं भान नव्हतं.

मी बाविसावा वाचत असताना अ. मान हलवत होते. "हे महत्त्वाचं आहे. हे आधीच यायला हवं होतं."

आधीच आलं होतं. मी पुढे वाचत राहिले.

मुद्दाम दोनदा लिहिलं असेल? जोर द्यायला? सरकारी अहवालात असं करायचे लोक, निष्कर्षाच्या आधी पुन्हा एकदा. की विसरले होते? कितीही वेळा वाचलं तरी कागद काही बोलत नाही. वाक्यं दोन्हीकडे खणखणीत. निर्णय बरोबर, हे शपथेवर सांगेन. ती ओल मीही बघितलीय, एकदा यांच्याबरोबर गेले होते तेव्हा. पण डोकं?

मीच हरकत केव्हा घेतली? स्कूटरच्या वेळी नाही. लग्नात भाचीचं नाव चुकले तेव्हा नाही. गेल्या वर्षी दूधवाल्याला दोनदा पैसे दिले, तेव्हा कुठे डॉक्टर.

९ फेब्रुवारी, सोमवार

सुनील आला होता.

दार मी उघडलं. तो उंबऱ्याबाहेरच. मी आत ये म्हटलं नाही, जा म्हणूनही सांगितलं नाही. तेवढ्यात आतून अ., "कोण आहे? सुनील? अरे ये की!" आवाजावरूनसुद्धा नाही, नुसत्या खोकण्यावरून ओळखलं! सकाळी शेजारच्या जोशींना ओळखलं नव्हतं.

मग दोघांचं सुरू. खाडीवरच्या पुलाचं काम, त्या वेळचा मुकादम, भरतीचं पाणी पायात शिरलं ती गोष्ट. सुनीलच्या आईचा गुडघा कुठला दुखायचा तेही आठवलं. उजवा. सुनील हो सर, हो सर करत होता आणि कपातला चहा गार होत होता.

अ. औषध घ्यायला आत गेले तसा तो म्हणाला, "काकू, मी खोटं नाही लिहिलं."

"माहितीय."

"साइट बघायला आलो होतो तेव्हा सरांनी मला एकच गोष्ट दोनदा विचारली. आणि जिना सोडून भलत्याच विंगकडे निघाले होते. तेवढंच लिहिलंय. ते 'क्षीण', 'शून्यवत' शब्द वकिलाचे आहेत."

"खोटं लिहिलं असतंस तर बरं झालं असतं रे. तुला दोन थोबाडीत देऊन मोकळी झाले असते."

तो रडायला लागला. पन्नाशीचा माणूस, आमच्या सोफ्यावर. मी विचारलं, तेव्हा का नाही बोललास? तेव्हा बोलला असतास तर दुसरा लवाद आला असता, हिराचं काम झालं असतं, आम्ही डॉक्टर लवकर गाठला असता.

म्हणाला, "सरांना कसं सांगणार होतो, काकू? माझी हिंमत नव्हती. आणि निवाडा बरोबरच होता. मला माहिती होतं बरोबर आहे."

"आणि आता?"

"आता शेठ म्हणाले, जे पाहिलंस ते लिही. नोकरी आहे. मुलीची बारावी आहे."

अ. बाहेर आले. सुनीलचे डोळे बघितले, माझ्याकडे रागाने बघितलं. "तू ओरडलीस त्याला?" मग कपाट उघडून शोधायला लागले. काय शोधताय? "त्याच्या वड्या. वेगळ्या ठेवल्या होत्यास ना?"

डबा मीच दिला हातात. दुसरं काय करणार होते.

१२ फेब्रुवारी, गुरुवार

तेजश्रीला आज उत्तर द्यायचं होतं. सकाळी अ. ना विचारलं. कधी नव्हे ते सरळ विचारलं. कुंड्यांना पाणी घालत होते. "तेव्हा तुमची तब्येत ठणठणीत होती, असं कोर्टात लिहून द्यायला सांगतायत मला."

"होती का?"

"मला माहीत नाही."

पाणी घालणं थांबवलं नाही. "मग तेच सांग. माहीत नाही म्हणणारे ज्युनिअर मला फार आवडायचे. कमी भेटले."

तेजश्रीला फोन करून सांगितलं. ठणठणीत होते असं लिहिणार नाही. दोन्ही बाजूंचं पूर्ण ऐकून घेतलं, कुणाला मधे तोडलं नाही, कुणाकडून काही घेतलं नाही, हे माझ्या डोळ्यांनी बघितलंय, ते लिहीन. तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "राहू दे काकू. त्याने उलट प्रश्न वाढतील. मी कायद्यावरच भांडते."

नाराज झाली का? आवाजावरून वाटलं नाही. पोरीच्या आवाजात उलट जरा मऊपणा आला होता.

२० फेब्रुवारी, शुक्रवार

कोर्टात गेले होते, हिराबरोबर. अ. जवळ शेजारच्या जोशीवहिनी बसल्या. मी गेले नसते तरी चाललं असतं. पण माझ्या माणसाबद्दल बोलणार आणि त्याचं कोणीच तिथे नसणार, हे जमेना मला.

मागच्या बाकावर बसलो. आमचा नंबर येईपर्यंत हिराने पिशवीतून शेंगा काढल्या. मी म्हटलं कोर्टात खातात का. ती म्हणाली, "तारखा खाऊन पोट भरत नाय वैनी."

बिल्डरचे वकील खूप आदराने बोलले. "लवादांबद्दल आम्हाला नितांत आदर आहे." त्या आदराने अंगावर काटा आला माझ्या. नंतर सगळं. परिच्छेद चौदा, परिच्छेद बावीस, भलती विंग. मी खाली बघत होते. हिराने माझा हात धरला, तिचे तळवे किती खरखरीत आहेत.

न्यायाधीशबाई तरुण. त्यांनी विचारलं, "या सगळ्या सुनावण्यांना तुम्ही हजर होतात?"

"होय."

"तेव्हा एखादा अर्ज? तोंडी काही म्हणणं?"

"त्या वेळी लक्षात आलं नाही."

"निवाड्यानंतर मुदतीत आव्हान?"

"नाही."

"मग लक्षात कधी आलं?"

वकील कागद चाळायला लागले. हिरा माझ्या कानात, पण सगळ्या बाकाला ऐकू जाईल अशी: "आमी चावी मागितली तवा!" शिपायाने डोळे वटारले.

तेजश्री छान बोलली, हळू आणि मुद्द्याचं. म्हणाली, अंमलबजावणी करणाऱ्या कोर्टाला निवाड्याच्या पाठीमागे जाता येत नाही. दार आधी उघडं होतं, यांनी ठोठावलं नाही. आता भिंत फोडून आत यायचंय.

निकाल राखून ठेवला.

घरी आले तर अ. नी विचारलं, "कुठे होतीस? मी घाबरलो." सकाळी सांगून गेले होते. दोनदा. मी जवळ बसले, त्यांचा हात हातात घेतला. त्यांनी विचारलं, शेंगांचा वास येतोय का तुला? मी म्हटलं, मलाच येतोय, कोर्टात शेंगा खाल्ल्या. "शोभतं का!" म्हणाले आणि खूप वेळ हसत राहिले.

१० मार्च, मंगळवार

निकाल. हरकत फेटाळली. ताबा द्यायचं वॉरंट निघेल.

तेजश्री पेढे घेऊन आली, मागून हिरा, तिची सून, दोन नातवंडं. घर भरलं. हिरा नुसती हसत होती, बोलायला येईना तिला. नातीने अ. ना विचारलं, तुमीच दिलं का आमाला घर? अ. म्हणाले, "नाही बेटा, ते तुझ्या आजीचंच होतं."

सगळे उठायच्या बेतात असताना अ. नी तेजश्रीला विचारलं. आज डोकं अगदी जागेवर होतं त्यांचं.

"माझ्याबद्दल काय म्हटलंय कोर्टाने?"

तिने निकालाचा कागद काढला. मग काढलेला तसाच धरून म्हणाली, "सर, म्हटलंय की ही हरकत या टप्प्यावर घेता येत नाही. ती वेळेवर घ्यायला हवी होती. त्यामुळे त्या प्रश्नात शिरण्याची आवश्यकता नाही."

"म्हणजे मी ठीक होतो असं नाही म्हटलं."

"नव्हतात असंही नाही म्हटलं, सर."

"हं. उशीर झाला म्हणून हरले ते."

"कायदा तसाच आहे सर."

"कायदा बरोबर आहे," म्हणाले. "नाहीतर कुठलंच भांडण संपणार नाही." पेढा अर्धा खाल्ला, अर्धा माझ्या हातात दिला. नंतर गॅलरीत जाऊन उभे राहिले. मी मागे गेले. कुंडीतली वाळकी पानं खुडायला लागले. मीही खुडू लागले.

मला हवं होतं की त्या न्यायाधीशबाईंनी ते एक वाक्य लिहावं. लवाद ठीक होते. का लिहावं? त्यांना काय माहीत? हिराला घर मिळेल, तेच त्यांचं काम होतं. आमचा अर्ज तिथे नव्हताच.

तरी हवं होतं.

१९ मार्च, पाडवा

गुढी अ. नी उभारली. गाठ मारताना अडले, मग बोटांनीच आठवलं. प्राची आणि जावई आलेत. श्रीखंड जास्त झालं.

तेजश्रीचा मेसेज: बिल्डर हायकोर्टात गेलाय. स्थगिती मागतोय. अजून मिळालेली नाही. मंगळवारी बेलिफ जाणार, स्थगितीचा आदेश आला तर परत फिरणार.

हिराचा फोन. "सायेबांना घेऊन या मंगळवारी. चावी त्यांच्या समोर घ्यायची हाय." म्हटलं अगं, लवादाचं काम संपलं, त्यांनी यायचं नसतं, लोक काय म्हणतील. "लोकांनी म्हनायचा ता म्हनून झालाय, वैनी."

बरोबरच आहे तिचं.

२४ मार्च, मंगळवार. उलवे

इथेच लिहितेय, इमारतीच्या आवारात, वॉचमनच्या शेडखाली. डायरी पर्समध्ये होती.

सकाळपासून सगळे थांबलेत. बेलिफ आलेत, पंच आलेत, कुलूपवाला आलाय. बिल्डरचा माणूस म्हणतो, हायकोर्टात आज प्रकरण लागलंय, जरा थांबा. बेलिफ म्हणतात, स्थगितीचा कागद दाखवा, नुसत्या 'थांबा'ने मी थांबत नाही. पण पोलीस यायचेत, म्हणून थांबलेतच. तेजश्री फोनवर येरझाऱ्या घालतेय. तिच्या पाठीकडे बघून काही कळत नाही. डोक्यावरून विमानं जातात, इतकी खाली की हिराची नातवंडं प्रत्येकाला हात करतात.

सुनील इथेच आहे. बिल्डरकडूनच आलाय. गाडीतून उतरताना अ. ना त्याने हात दिला, कुठूनतरी प्लास्टिकची खुर्ची आणली, सावली सरकली की खुर्चीही सरकवतो. त्याच्या शेठचा माणूस बघत होता. बघू दे, असं तोंड केलं त्याने. किंवा मला तसं वाटलं.

हिराने सगळ्यांना जेवायला घातलं. तांदळाच्या भाकऱ्या, वांग्याचं भरीत. बेलिफलाही, बिल्डरच्या माणसालाही. तो आधी नको म्हणाला.

जेवून अ. जरा पेंगले. जागे झाले तेव्हा कुठे आहोत ते त्यांना कळेना. माझ्याकडे बघून धीर आला, मग इमारतीकडे, माणसांकडे, हिराकडे बघितलं. "काय चाललंय इथे? कसलं काम आहे?"

मी सांगणार होते, पण हिरा पुढे आली. त्यांच्या समोर जमिनीवर मांडी घालून बसली आणि पहिल्यापासून सांगायला लागली. गव्हाणची जमीन, प्लॉट, करार, तिसरा मजला, मागची विंग, ओल. मना बोलाय येत नाय म्हणणारी बाई. अ. मान तिरकी करून ऐकत होते. एकदाही तोडलं नाही. मला वाटलं कंटाळतील. ती सांगून थांबली, "असा हाय बगा सायेब."

अ. नी वर तिसऱ्या मजल्याकडे बघितलं. मग म्हणाले, "आणि समोरच्यांचं काय म्हणणं आहे?"

हिराने माझ्याकडे बघितलं. मी सुनीलकडे. तो खुर्चीच्या मागे उभा, खाली मान घालून.

"त्यांचा म्हणना..." हिरा म्हणाली. पदर नीट केला. "त्यांचा म्हणना असा हाय सायेब, का करारात बदल झालता, आमी तोंडी हो बोललो व्हतो." तेही सगळं सांगितलं तिने, काही न गाळता, जसं त्यांचे वकील आमच्या हॉलमध्ये सांगायचे तसं. बिल्डरचा माणूससुद्धा जवळ येऊन ऐकत होता. मग शेवटी, "आनि त्यांचा म्हणना असा हाय, का जो लवाद व्हता..."

थांबली.

तिकडे तेजश्रीचा फोन वाजतोय. बेलिफ उठून उभे राहिलेत.

अ. पुढे वाकलेत, कोपर गुडघ्यावर. "बोला," म्हणतायत तिला, "घाबरू नका. लवादाचं काय?"